लागलं की लावलं

माहितीपट करणारी आमची ही बाई. युनिटमध्ये तिला सगळे 'कोणीबाई' म्हणतात. तोंडावर नाही, पण तिला माहीत आहे. वीस वर्षं मी तिच्यासाठी आवाज रेकॉर्ड करतोय. कानांवर हेडफोन असल्यामुळे तिचा तो प्रश्न मी हजारदा तरी ऐकला असेल: "कोणी?"

जुन्या दंगली, गोळीबार, जळितं हा तिचा विषय. समोरचा म्हणतो, आग लागली. ती विचारते, लागली की लावली? लावली तर कोणी? लोक बेरकी असतात. काचा फुटतात, घरं पेटतात, माणसं जातात. करणारा कुणीच नसतो. घरीही तिचा हाच खाक्या. "कप फुटला" म्हणायची सोय नाही. नवरा तुकडे हातात घेऊन थेट कबुलीच देतो.

यंदाचा माहितीपट एका गोदामाच्या आगीवर होता. चाळीस वर्षांपूर्वी संपावरचे नऊ हमाल आत बसून होते, बाहेरून दार बंद झालं, आग भडकली आणि नऊही जण गेले. चौकशी अहवालात 'दार अडकले' एवढंच आहे. त्या नऊ घरांनी आता खटला पुन्हा उभा केला होता, आणि दार कोणी बंद केलं ते पाहिलेला एक तरी माणूस वकिलाला हवा होता. गोदामात हमालांची हजेरी मांडणारे टाइमकीपर म्हणजे तिचे वडील. त्यांना तिने सगळ्यात शेवटी ठेवलं. मला राग आला होता, खोटं कशाला सांगू. दुसऱ्यांच्या बापांना पहिल्याच दिवशी कॅमेऱ्यासमोर बसवायची.

अखेर एका सकाळी त्यांच्या बैठकीच्या खोलीत दिवे उभे केले. आवाज येतो म्हणून पंखा बंद केला. शर्टाला माइक मीच लावला. त्यांनी सगळं सांगितलं: भोंगा, घोषणा, पांगलेली गर्दी. मग म्हणाले, "आणि दार लागलं."

हेडफोनमध्ये तिचा श्वास ऐकू येत होता. वाटलं, आज बाई प्रश्न गिळणार.

"कोणी लावलं, बाबा?"

"वरून निरोप आला होता."

"निरोप कोणाचा ते नंतर सांगा. दार कोणी लावलं?"

"मी," म्हणाले. "कडी मी घातली. मॅनेजर म्हणाला, यांना तासभर कोंडून ठेव. आग लावणार आहेत हे माहीत नव्हतं. धूर दिसला तेव्हा मी फाटकाशी होतो. परत गेलो नाही."

स्वयंपाकघरातून तिची आई म्हणाली, "पुरे की गं आता." कॅमेरा चालूच राहिला.

आठवडाभर ते रेकॉर्डिंग तिच्या कपाटात पडून होतं. दिलं तर बाप आरोपी, नाही दिलं तर खटला बारगळला. या वेळी मला तिचा राग आला नाही, कीव आली. आठव्या दिवशी ती वकिलाकडे जाऊन आली आणि मला घेऊन तशीच वडिलांकडे गेली. ते पेपर वाचत होते.

"गेलं का ते वकिलाकडे?" त्यांनी विचारलं.

पोरीला त्यांनी पळवाट काढून दिली होती, हे मलाही कळलं. नुसतं 'हो' म्हणाली असती तरी भागलं असतं.

"गेलं नाही, बाबा. मी दिलं."

त्यांनी पेपरची घडी घातली. "मग तारखेला मला न्यायला तूच ये," म्हणाले.