पानावरून उठलेला पाहुणा

पारायणाला बसले तेव्हा माझ्या मनात श्रद्धेपेक्षा धास्तीच जास्त होती, हे आधीच सांगते. माझी मुलगी अंजू सांगलीत कॉलेजच्या हॉकी संघात गोलकीपर होती. फलटणच्या एका सामन्यात समोरून धावत आलेल्या मुलीशी तिची टक्कर झाली आणि उजव्या गुडघ्याची वाटी फुटली. मिरजेला ऑपरेशन झालं, तारेने वाटी बांधली, प्लास्टर घातलं आणि यथावकाश ते निघालंही. हाड छान जुळलं होतं. गुडघा मात्र वाकेना. डॉक्टर म्हणाले, यावर आता औषध नाही, तिने स्वतःच रोज थोडा थोडा वाकवायला हवा. पुढच्या खेपेपर्यंत पुरेसा वाकला नाही तर भूल देऊन जोराने वाकवावा लागेल, आणि त्यात जुळलेलं हाड पुन्हा दुखावण्याची भीती आहे.

मी शाळेच्या कार्यालयात नोकरी करणारी, प्रत्येक गोष्ट आखून करणारी बाई. अंजूचे वडील साताऱ्याला बदलीवर असायचे, शनिवारी येऊन रविवारी परत जायचे. त्यामुळे हेही काम माझ्याच अंगावर होतं. मी व्यायामाचा तक्ता करून कपाटाच्या दारावर लावला. सकाळी काय, दुपारी काय, गरम पाण्याचा शेक कधी, सगळं त्यात होतं. अंजू "केला गं आई" एवढंच म्हणायची आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहायची. एकदा न राहवून मीच तिच्या पोटरीला धरून थोडा दाब दिला. ती अशी किंचाळली की खालच्या शैलावहिनी धावत वर आल्या. त्या दिवसापासून मी खोलीत शिरले की तिचे दोन्ही हात गुडघ्यावर जायचे. आपल्याच लेकराने आपल्यापासून स्वतःला असं झाकून घ्यावं, हे बघवत नसे.

मग मी दत्तमहाराजांना साकडं घातलं. आमच्या माहेरी पोथीच्या सप्ताहाची रीत आहे. सात दिवस ठरलेले अध्याय वाचायचे, एकभुक्त राहायचं, चटईवर झोपायचं. सातव्या दिवशी माध्यान्हीला अतिथीला पानावर बसवायचं, तो तृप्त होऊन उठला की मगच घरच्यांनी जेवायचं आणि आरती करून उद्यापन करायचं. मी रजा टाकली, गल्लीतल्या गुरुजींना अतिथी म्हणून सांगून ठेवलं आणि चौरंग मांडला. नियमात कुठेही कमी पडायचं नाही असं ठरवलंच होतं. वाचताना मात्र मन भरकटायचं. ओठ पोथीत असायचे आणि कान शेजारच्या खोलीत, पलंग करकरतो का, ती पाय हलवते का, याकडे.

अंजूचं लक्ष मात्र तिसरीकडेच होतं. जपानमध्ये हिवाळी ऑलिंपिक चालू होतं आणि त्यात पहिल्यांदाच बायकांची बर्फावरची हॉकी खेळली जात होती. वर्तमानपत्राच्या क्रीडा पानावर खाली कुठेतरी दोन ओळी येत. तिच्या मैत्रिणी फोन करून टीव्हीवर पाहिलेलं सांगत. एका पेपरात कॅनडाच्या गोलकीपरचा फोटो आला होता, तोंडावर जाळीचा मुखवटा आणि पायांना गाद्यांसारखी जाड पॅडं. तो कापून तिने उशाशी ठेवला. सारा दिवस गप्प असणारी मुलगी या एका विषयावर बोलायची. "आई, त्यांच्यात चेंडू नसतो, रबराची चकती असते. आणि गोलकीपर दोन्ही गुडघे बर्फावर टेकून बसते." गुडघे हा शब्द बोलताना तिचा आवाज जरा खाली यायचा.

अंतिम सामना अमेरिका आणि कॅनडाचा ठरला. तो केबलवर दिसणार होता, नेमका माझ्या सातव्या दिवशी, दुपारी. आमच्याकडे केबल नव्हती, शैलावहिनींकडे होती. प्लास्टर निघाल्यापासून दवाखाना सोडून कशासाठीही जिना न उतरलेली अंजू म्हणाली, "मला खाली नेशील?" मी म्हटलं, "नेईन की. गुरुजी जेवले, आरती झाली, की लगेच. सामन्याच्या आत सगळं आटपतं."

सातव्या दिवशी वाचन वेळेवर संपलं. घेवड्याची भाजी, शिरा, वरणभात, कोशिंबीर, सगळा नैवेद्य दाखवून झाला. पान मांडलं, रांगोळी घातली. गुरुजींचा पत्ता नाही. पुष्कळ वेळाने निरोप आला की त्यांना सकाळपासून ताप आहे. मी ओळखीच्या दोन घरी फोन केले, पण भर दुपारी जेवल्याशिवाय राहिलेलं कोण सापडणार? पान तसंच होतं, वरण निवत होतं, आणि आतून अंजू दर थोड्या वेळाने विचारत होती, "आई, झालं का?" शेवटी तिने विचारणंच थांबवलं. मी देव्हाऱ्यासमोर उभी राहून चक्क रागावले, की महाराज, मी माझं सगळं केलं, आता तुम्ही तरी वेळेवर या.

तेवढ्यात जिन्यावर जड बूट वाजले. दारात एक उंच, वाळकासा म्हातारा उभा होता. डोक्याला फेटा, अंगात फौजी स्वेटर, हातात पिशवी.

"आवं ताई, जाधव हवालदाराचं घर हेच का? माज्या पलटणीतला हाय. कवापास्नं हुडकतोय."

ते घर मागच्या गल्लीत होतं. दोन्ही गल्ल्यांच्या तोंडाशी पिठाची गिरणी आहे, त्यामुळे नवख्या माणसाची ही चूक नेहमीच होते. मी तसं सांगितलं. तो नमस्कार करून वळला आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "जेवलात का?"

"न्हाई. पर तुमी कशाला..."

माझ्या मनातला अतिथी सोवळ्यातला होता. हा, त्याच्याच सांगण्याप्रमाणे, बाजारात हळदीचा सौदा आटपून, धुळीचे बूट घालून आलेला, कडेगावचा निवृत्त सुभेदार. पण दारात आलेल्याला परत पाठवायचं माझ्याकडून होईना. मी पाय धुवायला पाणी दिलं आणि पानावर बसवलं. तो हात जोडून जेवायला लागला. दोन घास झाले असतील, आतून हुंदका ऐकू आला.

"घरात कोन आजारी हाय का?" त्याने विचारलं.

मी थोडक्यात सांगितलं, पायाचं आणि सामन्याचंही. "खाली टीव्हीवर सुरू झालाय. बर्फावरची हॉकी. तुमचं जेवण झालं की नेते तिला."

त्याचा हात थांबला. "बर्फावरची? पोरी!" तो तिथूनच ओरडला, "आगं, ती हॉकी आमी लडाखात खेळलोय!"

आतून अंजूचा रडवेला, अविश्वासाचा आवाज आला, "खरंच?"

"खोटं कशाला बोलू? तळं गोठलं की बुटास्नी लोखंडी पट्ट्या ठोकायच्या आन् सुटायचं. मला उभं ऱ्हायाला येईना, मग म्हनले ह्याला गोलात घाला, तितं आडवा पडला तरी कामाला यील."

अंजू हसली. कितीतरी दिवसांनी तिचं हसू माझ्या कानावर पडलं होतं. आणि पुढच्याच क्षणी सुभेदार पान हातात घेऊन पाटावरून उभे राहिले. अतिथी भरल्या पानावरून उठला म्हणजे सात दिवसांवर पाणी! मी दोन्ही हात पसरून वाटेत उभी राहिले.

"अहो, असं अन्नावरून उठू नका! आज उद्यापन आहे माझं!"

"उठलो कुटं ताई? जागा बदललीया नुसती. पोरीचा सामना चाललाय आन् मी हितं भाजी चापू व्हय? खाली बसून खातो की. चला, तुमी वाटी घ्या."

आणि मी खरंच वाटी घेतली. आजही सांगता येत नाही की मी कशी कबूल झाले. अंजूने पाय समोर ताठ धरला आणि एकेका पायरीवर बसत ती जिना उतरली. मी मागून तिला काखेत धरलं होतं. पुढे सुभेदार एका हातात पान सांभाळत चालले होते. शैलावहिनींनी दार उघडलं आणि आमची वरात बघून त्या बाजूलाच झाल्या. "या, या," म्हणाल्या, "पण हे कोण?" मी म्हटलं, "अतिथी." दुसरं सांगायला मला काही माहीतच नव्हतं.

सामना अर्ध्यावर आला होता, अमेरिका पुढे होती. अंजूला दिवाणाच्या कडेला बसवून पाय स्टुलावर ठेवला. सुभेदार जमिनीवर मांडी घालून जेवू लागले.

"तू कुनाची?"

"कॅनडाची."

"मग मी अमेरिकेचा. दोगंबी एकीकडंच बसल्यावर भांडायला कोन ऱ्हातंय?"

पुढे दोघांचं खरंच भांडण जुंपलं. अमेरिकेने दुसरा गोल केला तेव्हा त्यांनी कोशिंबीर मागून घेतली. कॅनडाने एक फेडला तेव्हा अंजूने त्यांना "आता कसं वाटतंय सुभेदार?" म्हणून चिडवलं. मला त्या खेळातलं फारसं समजत नव्हतं. मी आपली वाढत होते आणि मुलीच्या तोंडाकडे बघत होते.

सामना संपायला आला तेव्हा कॅनडाची गोलकीपर अचानक गोल सोडून बाहेर गेली आणि बाकावर जाऊन बसली.

"अगं, ती का गेली?" मी विचारलं.

"तिच्या जागी पुढे खेळायला एक जादा खेळाडू आणलीय. बरोबरी करायची शेवटची संधी आहे ना!" अंजू दिवाणाच्या अगदी कडेवर सरकली होती. "पण गोल रिकामा राहिलाय, आई. तिला आता काहीच करता येणार नाही."

पडद्यावर ते रिकामं जाळं मला दिसलं. सगळा खेळ जिने राखला तिनेच शेवटी हात काढून घ्यायचा, राखायचं सोडून द्यायचं, आणि ते हरायला नव्हे तर जिंकण्याच्या आशेने, हे माझ्यासारख्या बाईला फार चमत्कारिक वाटलं. तेवढ्यात अमेरिकेच्या मुलीने लांबून चकती मारली. ती बर्फावरून सरळ, सावकाश त्या रिकाम्या जाळ्याकडे निघाली. अडवायला कोणी नव्हतं.

अंजूने अडवली. म्हणजे दिवाणावरून तिने पुढे झेप घेतली, अंग आपोआपच गेलं तिचं. पाय स्टुलावरून घसरला, टाच जमिनीला टेकली आणि तो ताठ गुडघा वाकला. ती जिवाच्या आकांताने ओरडली. मी धावले, पण सुभेदार जवळ होते. त्यांनी डाव्या हाताने तिची टाच धरली.

"वडू नको मागं. तितंच ऱ्हाऊ दे. श्वास सोड. तुटला न्हाई, बग. तुटला का?"

"नाही," अंजू रडत म्हणाली.

"दुखतोय?"

"खूप."

"दुखनारच. दुखतोय म्हंजी जित्ता हाय."

माझे हात पुढे आले होते. मी ते तसेच आवरले. अंजूने हळूहळू गुडघा सरळ केला, डोळे पुसले आणि मग, कोणी न सांगता, स्वतःहून थोडासा पुन्हा वाकवला. टीव्हीवर अमेरिकेच्या मुली एकमेकींच्या अंगावर पडत होत्या. कॅनडाची गोलकीपर मुखवटा काढून उभी होती. तिच्याकडे बघत अंजू पुन्हा रडली. ते रडणं दुखण्याचं नव्हतं.

सुभेदारांनी उरलेला भात निपटला, शिरा बोटाने पुसून खाल्ला. हात धुऊन म्हणाले, "लय दिसांनी असं जेवलो, ताई. आता जाधवाला गाठतो." मी दक्षिणा आणायला वर गेले, खाली आले तोवर ते गेले होते. संध्याकाळी मी मागच्या गल्लीत चौकशी केली. जाधव महिन्यापूर्वीच मुलाकडे पुण्याला गेले होते. त्यांच्याकडे कोणी आल्याचं शेजाऱ्यांनी पाहिलं नव्हतं. कडेगावाला सुभेदार काय थोडे असतील? नाव मी विचारलंच नव्हतं. ते कोण होते यावर मी कधी वाद घातला नाही, घालणारही नाही. भुकेला माणूस आला आणि जेवून गेला, एवढं मला ठाऊक आहे. आरती दिवेलागणीला झाली, तीही शैलावहिनींच्या घरी, कारण अंजूला इतक्यात जिना चढायचा नव्हता. माझ्या माहेरच्या रीतीत यातलं काहीच बसत नाही.

त्या दिवसापासून अंजू रोज आपणहून थोडा थोडा गुडघा वाकवू लागली. पुढच्या खेपेला आम्ही मिरजेला गेलो. डॉक्टर म्हणाले, "तपासून बघतो. आईंनी जरा बाहेर थांबावं." आजवर मी प्रत्येक वेळी आत गेले होते, काय विचारायचं ते मनाशी जुळवून. या वेळी बाहेर आले. दार बंद झालं. थोड्याच वेळात आतून अंजूचा त्या दिवशीसारखाच ओरडण्याचा आवाज आला आणि माझा हात कडीवर गेला. मी तो मागे घेतला. सात दिवस पोथीसमोर बसून जे म्हणता आलं नव्हतं ते तिथे, दवाखान्यातल्या दाराबाहेरच्या बाकाशी उभी राहून म्हणाले. महाराज, मी आता गोलात नाही. तुम्ही बघा.

यात जिंकण्याची हमी नसते हे मी टीव्हीवर पाहिलं होतं, तरी म्हणाले. दार उघडलं तेव्हा डॉक्टर हसत होते. भूल द्यायची गरज नव्हती. पुढे गुडघा बराच सुटला, अगदी पूर्वीसारखा मात्र कधी झाला नाही, आणि अंजू पुन्हा गोलात उभी राहू शकली नाही. आता ती लहान मुलींना गोलकीपिंग शिकवते. मुलगी पडली की धावत जात नाही. जागच्या जागी उभी राहून विचारते, "उठतेस ना?"

मी अजूनही सगळं आखूनच करते, स्वभाव काही जात नाही. पण जिथे माझा हात पोचत नाही तिथे आता तो अडकवून ठेवत नाही. मोकळा सोडते, आणि मोकळे झालेले दोन्ही हात आपोआप जोडले जातात.