जमनीचा ढावलो

हे मी आजवर कोणालाच सांगितलेलं नाही. बायकोलासुद्धा नाही.

परवा पुन्हा शाल-नारळ झाला. पुन्हा तेच भाषण — लोकसंगीताचा जतनकर्ता, राष्ट्रीय संस्कृतीचा सेवक! अरे, पुरे करा की. ऐकून ऐकून कान किटले माझे. मग पुन्हा माझी ती पहिली फिल्म दाखवली, पुन्हा त्या बाईचा आवाज आला, आणि पहिल्या रांगेतले लोक रुमाल काढून डोळे पुसू लागले. मी वैतागलो. त्यांच्यावर कशाला — स्वतःवरच. पण स्वतःवर वैतागून होतं काय?

आवाज जमनीचा. दारव्ह्याजवळच्या एका बंजारा तांड्यावरची, भावसिंगची बायको. विदर्भ नुकताच मुंबई राज्यात गेला होता आणि मी सरकारी माहितीपटांसाठी गावोगावची गाणी टिपत हिंडत होतो. मी यवतमाळचाच, म्हणून वाटायचं, आपल्याला इथलं सगळं कळतं. कळत होतं, कपाळ!

ढावलो म्हणजे नवरीनं माहेर सोडताना रडत म्हणायचं गाणं. त्या तांड्यात सासरी बसून बाईनं ढावलो म्हटला, तर तिनं या घराचाही निरोप घेतला असं धरत. जमनीनं मला स्पष्ट सांगितलं होतं, "बसल्या घरी ढावलो कायले म्हणू, साहेब? मले कुठं जायचं हाय?"

मग मी — थांबा, सांगतो. लिहायला बसलो की माझं घोडं दर वेळी इथंच पेंड खातं.

मी म्हणालो, मशीन फक्त चित्र घेतं. तू नुसते ओठ हलव, हळू गुणगुणलीस तरी चालेल. आवाज नंतर मुंबईत दुसऱ्या बाईचा घालू. मायक्रोफोन तिच्या शेजारच्या कापसाच्या ढिगात होता. मीच ठेवला होता. आधी ती गुणगुणली, मग गाण्यानंच तिला ओढून नेलं आणि ती रडत गायली. लाज वाटते सांगायला, पण त्या दिवशी मी खूश होतो.

एवढंच असतं तर मी पचवलंही असतं. माणूस काय काय पचवतो!

पुढच्या वर्षी दारव्ह्याच्या बाजारात, दिवेलागणीनंतर, पडदा लावून ती फिल्म दाखवली. सगळा तांडा आला होता. जमनीचा आवाज सुरू झाला आणि बायका वळून तिच्याकडे पाहू लागल्या. फिल्म संपल्यावर तिचा सासरा — तांड्याचा नाईक — एवढंच म्हणाला की सुनेनं निरोप घेतला आहे, तर तिनं जावं. जमनी ओरडून सांगत होती, साहेबानं फसवलं म्हणून. भावसिंगचा तिच्यावर विश्वास होता. मला दिसत होतं ते. बापाला थांबवून तो माझ्या खुर्चीपाशी आला.

"साहेब, हे म्हंते का आवाज येत नाई असं तुम्हीच सांगतलं. तुम्ही फक्त हो म्हना. बापाले मी पाहून घेतो."

एक शब्द हवा होता. शेजारी माझे वरिष्ठ बसले होते, नुकतीच माझी पाठ थोपटून. पुढची फिल्म त्यांच्या सहीवर अडली होती. आणि मी काय म्हणालो?

"छे, छे. तिनं राजीखुशीनं गायलं."

जमनीनं माझ्याकडे पाहिलं. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. दुसऱ्या दिवशी भाऊ तिला कळंबकडे माहेरी घेऊन गेला. ती पुन्हा नांदायला आली नाही. मला माहीत आहे, कारण मी दोनदा चौकशी केली. चौकशी म्हणे! तांड्यावर जायची छाती मात्र एकदाही झाली नाही.

कोणी म्हणेल, तरुण होतात, नोकरीचा प्रश्न होता. नाही हो. उगाच माझी बाजू घेऊ नका.

भावसिंगनं विचारलं होतं, त्याचं उत्तर लिहून ठेवतो. हो, भावसिंग. ती खरं बोलत होती. मीच तिला तसं सांगितलं होतं.