छप्पनआप्पांचं तिसरं कडवं

आप्पांना कुठलीही आठवण सांगायची झाली की ती एकोणीसशे छप्पनच्या एखाद्या गाण्यापासून सुरू व्हायची. विहिरीला पाणी लागलं ते अमक्या गाण्याच्या दिवसांत, म्हैस व्याली ती तमक्या. त्या एका सालातली हिंदी सिनेमाची सगळी गाजलेली गाणी त्यांना पाठ. सत्तावन्नचं मात्र एकही नाही. का, विचारलं तर म्हणायचे, "सत्तावन्नला लगीन झालं. मग कसली गाणी?"

आमच्या मांडवगण फराटा गावानं त्यांचं नाव छप्पनआप्पा ठेवलं होतं. आणि मी त्यांच्यावर जळायचो, हे आधीच कबूल केलेलं बरं. सणसवाडीच्या कंपनीतून निवृत्त होऊन मी गावी आलो तो कराओकेचं मशीन घेऊनच. गाणं संपलं की शंभरपैकी मार्क देणारं. ब्याण्णवच्या खाली मी कधी उतरलो नाही. पण मी तोंड उघडलं की लोकांना म्हशीची धार आठवायची, आणि आप्पा नुसते खाकरले तरी उठलेला माणूस परत बसायचा. घरात भाकऱ्या थापताना बायकोसुद्धा आप्पांच्याच पद्धतीनं गुणगुणायची. मी शुद्ध चाल ऐकवली तर म्हणायची, "चांगलं हाय तुमचं. पर आप्पांचं गाणं वाटतं."

छप्पन साली गावात रेडिओ नव्हता. सोळा वर्षांचे आप्पा दर आठवड्याला होडीनं भीमा ओलांडून दौंडला जायचे, स्टेशनासमोरच्या हॉटेलात रेडिओवर त्या आठवड्याची गाजलेली गाणी ऐकायचे आणि येऊन गावाला म्हणून दाखवायचे. गावानं ती गाणी पहिल्यांदा ऐकली ती आप्पांच्याच गळ्यातून. म्हणजे मी जन्मायच्या आधीच या माणसानं मैदान मारलेलं.

मग मला त्यांची चूक सापडली. त्या साली पहिल्या नंबरवर असलेल्या गाण्याचं आप्पा म्हणायचे ते तिसरं कडवं मूळ गाण्यात नव्हतंच; तिथलं तिसरं कडवं वेगळंच होतं. मुंबईच्या बंगल्यात राहणारी नायिका आप्पांच्या कडव्यात कांद्याला पाणी देत होती, आणि एवढ्या वर्षांत गावाला शंका आली नव्हती. त्या दिवशी मला दोन भाकऱ्या जास्त गेल्या.

गावानं आप्पांचा सत्कार ठेवला. त्यांचं गाणं झालं, तसा मी माइक घेतला, आता खरं गाणं ऐका म्हणालो आणि स्पीकरवर मूळ रेकॉर्ड लावली. तिसरं कडवं आलं. मी विजयानं सगळ्यांकडे पाहिलं. लोक माझ्याकडे असे बघत होते, जसा काही मी चपला घालून गाभाऱ्यात शिरलोय. पुढं बसलेली एक म्हातारी म्हणाली, "ह्या बाईला शिकवलं कुणी? चुकतीया की."

"ती न्हाई चुकत," आप्पा म्हणाले. "मीच चुकलोय."

पहिल्या नंबरचं गाणं रेडिओच्या त्या कार्यक्रमात सगळ्यात शेवटी लागायचं आणि शेवटची होडी दिवस मावळायला सुटायची. दुसरं कडवं संपलं की आप्पांना पळावंच लागायचं. "गावाला अर्धं गाणं कसं द्यायचं? म्हून वाटंनं जुळवलं. पुढं घरी रेडिओ आला, तवा ते गाणं लागलं की मी रेडिओचा कान पिळून बंद करायचो. गावानं माझंच पाठ केलं व्हतं ना." मग माझ्याकडे वळले. "लाव रं परत. एकदा."

मी लावलं. डोळे मिटून, मांडीवर बोटानं ठेका धरून आप्पांनी ते कडवं आयुष्यात पहिल्यांदा पुरं ऐकलं.

"चांगलं हाय," ते म्हणाले. "पर मग कांद्याला पाणी कोण देणार?"

टाळ्या अर्थात त्यांनाच पडल्या.

गेल्या थंडीत आप्पा गेले. परवा घरी मशीनवर तेच गाणं घेतलं. तिसऱ्या कडव्याला पडद्यावर खरे शब्द सरकत होते आणि माझ्या तोंडातून मात्र कांद्याचं पाणी वाहत होतं. मशीननं एकेचाळीस मार्क दिले.

स्वयंपाकघरातून बायको म्हणाली, "आज गाणं वाटलं."

मला आनंद व्हायला हवा होता. वाटला तो आप्पांचा हेवा.