शांताच्या मिश्रीचा डबा पेठला नेला त्याची गोष्ट

पेठची एसटी सुटली आणि शेजारची बाई उठून पुढं जाऊन बसली. कंडक्टर म्हणाला, "बाबा, पिशवीत काय जळतंय?"

"मिश्री आहे. गार झालीय. तिकीट द्या."

माझी बायको शांता थंडीत गेली. तेरावा झाला आणि आमची धुणीभांडी करणारी येसू जी गावी गेली, ती आलीच नाही. फोन करावा तर तिच्या गावात बूथ नाही. शांताला आणता येत नाही, येसूला तरी आणू म्हणून निघालो. रिकाम्या हातानं जाणं बरं नव्हे, म्हणून शांताच्या तव्यावर तंबाखू भाजून डब्यात भरली. नाशिक रोडची आमची अख्खी कॉलनी खोकत बाहेर आली होती.

घाट चढल्यावर हवा बदलली. डोंगर चांगले आहेत, रस्ता वाईट आहे. फाट्यावर उतरून चालत गेलो. येसू पडवीत नागली (नाचणी) पाखडत होती.

"अगं बया! दादा, वाट चुकला का?"

"चुकायला लहान आहे का? तुला न्यायला आलो."

"बाई नाय तिथं. बसू कुणापाशी? तुमच्यापाशी?"

तिनं नागलीची भाकरी आणि ठेचा वाढला. शांता गेली तेव्हा डोळ्यांतून पाणी आलं नव्हतं, ते ठेच्यानं काढलं. येसूनं पाण्याचा तांब्या सरकवला. ठेचा तिखट आहे असं तीही म्हणाली नाही.

मग मी डबा पुढं केला. तिनं वास घेतला.

"दादा, ह्यो कोळसा हाय."

"मग टाक."

"बाईंचा डबा. टाकू कशी?"

तिनं बोटावर घेऊन दातांना लावली. चिमूटभर मलाही दिली. आमच्या घरी दोघी रोज दुपारी मागच्या पायरीवर अशा बसायच्या आणि मी आतून ओरडायचो, "माझ्या चहाड्या पुरे!" आता कळलं, मिश्री तोंडात असली की बोलताच येत नाही. दोघी नुसत्या बसायच्या. मला चक्कर आली, तरी बसून राहिलो.

ती फाट्यापर्यंत सोडायला आली. तोंड भरलेलं, म्हणून 'हो' नाही की 'नाही' नाही. मी गाडीत चढलो. गाडी हलली तशी ती थुंकली आणि ओरडली,

"दादा, त्या जळक्या तव्याला हात लावू नका! तुमच्यानं नाय निघायचा. सोमवारी येऊन मी बघते!"

पेठकडचा मुलूख बघण्यासारखा आहे. कुणी गेलं तर मिश्री मात्र दुसऱ्याकडून भाजून न्यावी. घरी आलो, तवा होता तसाच ठेवला. मागची पायरी तेवढी झाडून घेतली.