शेवटचं पाणी

"ही कुणाची मुलगी?" कठडा धरून पाण्यात उभ्या असलेल्या बाईंनी विचारलं. मॅनेजरनं सांगितलं, आपल्या सफाईवाल्याची. बाई बाहेर पडल्या. त्यांच्यामागून बाकीच्याही. ओरडलं कुणी नाही. दादरच्या त्या तलावावर सकाळच्या बॅचला येणारी माणसं सभ्य होती.

मी अकरा वर्षांची. पास होता. आंघोळ करूनच उतरले होते. पोहायचा पोशाख नवाकोरा, लालबागहून आणलेला. जात कुणी विचारली नाही. परळची झाडूखात्याची चाळ म्हटल्यावर विचारायचं काय राहतं?

मॅनेजरनं बाबांना बोलावलं. "हिला बाहेर काढ. आणि आज क्लोरीन जरा जास्त टाक."

बाबांनी मला दंडाला धरून वर घेतलं. मग बादली उचलली आणि माझ्यादेखत क्लोरीन पाण्यात ओतलं. माझ्यामुळे. माझ्याच बापानं. मला रडू आलं नाही. काहीच आलं नाही. अंगावरून पाणी गळत होतं, तेवढं आठवतं.

त्यानंतर आमच्यासाठी एक रीत पडली. लहान मुलांचा छोटा तलाव दर सोमवारी रिकामा करून घासायचे. पाणी सोडलं की ते संपेपर्यंत कामगारांच्या मुलांनी पोहायचं. मी तशी शिकले. पाणी छातीशी असताना सुरुवात, कमरेशी आलं की घाई. गुडघ्याशी आलं की बाबा हातात ब्रश द्यायचे. "चल, झालं पोहणं," एवढंच म्हणायचे. मग आम्ही फरशा घासायचो, उद्या येणाऱ्यांसाठी. मला वाटायचं, पोहणं असंच असतं.

आता मी त्याच तलावावर प्रशिक्षक आहे, कंत्राटी. बाबा जाऊन बरीच वर्षं झाली. तलावाची दुरुस्ती झालीय, आणि दारात तलावाच्या इतिहासाचा फलक लागणार आहे. सेक्रेटरींनी त्याचा मजकूर माझ्यापुढे ठेवला. कोनशिला कुणी बसवली, पदकं कुणी आणली, सगळं नावानिशी. शेवटी एक ओळ : 'कर्मचाऱ्यांच्या मुलांसाठी पोहण्याची खास सोय होती.' त्याखाली उदाहरण म्हणून माझा फोटो. संमतीची सही तेवढी हवी होती.

ती ओळ मी तीनदा वाचली. राग यायला वेळ लागला. बधिर पायाला आधी मुंग्या येतात, तसं झालं.

मी म्हटलं, "सोय नव्हती. हाकललं होतं आम्हाला."

सेक्रेटरी हसले. "मॅडम, जुनं कशाला उकरताय? आज तुम्ही कुठे आहात ते बघा ना." जाता जाता माझं कंत्राट संपत आल्याची आठवणही करून दिली.

मी सही केली नाही. मजकुराखालचा माझा फोटोही वगळायला लावला.

शनिवारी उद्घाटन आहे. पत्रिकेत प्रशिक्षक म्हणून माझ्या भाषणाची दोन मिनिटं छापून झालीत. समोर सकाळची बॅच बसलेली असेल. मला बाहेर काढायला कुणी लावलं, रिकाम्या होत जाणाऱ्या तलावात आम्हाला कुणी सोडलं, ते सगळं सांगणार आहे. माईक बंद केला तर माईकशिवाय. काठावरून पोरांना हाका मारून माझा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जातो. कंत्राट गेलं तर जाऊ दे.

हा तलाव आयुष्यभर कुणी घासला, तेही सांगणार आहे. बाबांचं पूर्ण नाव घेऊन. आडनावासकट.