आमच्या सोसायटीचं बुचाचं झाड वाचलं

मंडळी, झाड वाचलं! ज्याच्या फुलांची बिनदोऱ्याची वेणी माझी लेक शिकली, तेच.

सकाळी फाटकात करवतवाले हजर. सेक्रेटरी म्हणाले, "झाड वाळलंय. पान नाही, सालीला ह्या एवढ्या भेगा!"

तळमजल्यावरच्या अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या काकू बाहेर आल्या. "अहो, दर वर्षी याच दिवसांत पानं गळतात. साल तर अशीच असते, पूर्वी बाटल्यांची बुचं करायचे तिची." त्यांनी किल्लीने खालची फांदी खरवडली. आत हिरवीगार!

करवतवाले चहा पिऊन गेले. काकू सेक्रेटरींना म्हणाल्या, "भेगा पडल्या की मेलं धरायचं, तर आपल्या मीटिंगला कोरम होणार कसा?"