टँकरच्या रांगेतलं हसू

मी एका खासगी संस्थेत सिनेमा शिकवतो. उद्याच्या भयाण जगाचे सिनेमे हा माझा आवडता विषय. त्यांत कॅमेरा इतका उंचावर का ठेवतात, हे मी मुलांना दरवर्षी सांगतो. वरून पाहिलं की माणूस किड्यामुंगीसारखा दिसतो आणि पाहणारा नकळत राज्य करणाऱ्याच्या जागी जाऊन बसतो. लांबची लेन्स लावली की सुटी सुटी माणसं एकमेकांवर रचल्यासारखी दिसतात. रंग करडा केला की ऊनसुद्धा आजारी वाटतं. हे सगळं मला माहीत होतं. म्हणून पुढचं माझ्या हातून अजाणता झालं, असं मला म्हणता येत नाही.

या उन्हाळ्यात मुलांना नमुना म्हणून दाखवायला मी एक छोटी फिल्म केली. विषय होता, पाणी संपलेलं शहर. सेट उभारावा लागला नाही. मुकुंदवाडीत माझी थोरली बहीण राहते, तिच्या गल्लीत टँकर येतो. तिच्याच गच्चीवरून मी रांग टिपली. अक्कानं खाली आधीच सांगून ठेवलं होतं, "माझा भाऊ सिनेमा काढतोय, नीट उभ्या राहा गं."

टिपलेल्या चित्रणाची जुळवाजुळव करताना अडचण आली. बायका हसत होत्या.

"तुझी नळी लई लांब गं," एकजण अक्काला म्हणत होती. "टँकर सोड, थेट जायकवाडीच्या धरणात टाक."

"टाकते की. दुसरं टोक तुझी सासू धरंल का?"

सगळी रांग हसली होती. माझ्या उद्याच्या शहरात हे बसेना. मी आवाज काढून टाकला, त्याजागी एक घरघर लावली आणि चित्राची गती कमी केली. हसणारी तोंडं किंचाळल्यासारखी दिसू लागली. वर्गात फार कौतुक झालं.

अक्कानं फिल्म पाहायचा हट्ट धरला. लॅपटॉप घेऊन गेलो, तर गल्लीतल्या बायका ठेवणीतल्या साड्या नेसून येऊन बसलेल्या. फिल्म संपली.

"ह्या आपणच का गं?" एकीनं विचारलं.

"आपणच की. मेल्यावरच्या," दुसरी म्हणाली.

त्या उठून गेल्या. अक्का म्हणाली, "भाऊ, आम्ही हसत होतो की रे."

"ते पुढच्या काळातलं आहे, अक्का."

"व्हय. पण तोंड माझंच हाय ना?"

मी फिल्म पुसून टाकली. तसं सांगितलं, तर ती नुसतं "बरं" म्हणाली.

पुढच्या टँकरला मी मुद्दाम गेलो. कॅमेरा नेला नव्हता. तिची नळी धरायला रांगेत उभा राहिलो. बायकांनी माझ्याकडे पाहिलं, मग गच्चीकडे पाहिलं, आणि बोलणं थांबलं. टँकरची मोटर तेवढी घरघरत होती.

थोड्या वेळानं अक्कानं माझ्या हातातून नळी काढून घेतली. रागानं नाही.

"तू आत जाऊन बस," ती हळूच म्हणाली. "बायांना बोलायचं असतंय."

मी आत गेलो, दार लोटलं आणि दाराशीच थांबलो. बराच वेळ बाहेरून फक्त मोटर ऐकू येत राहिली.